बुद्धिबळाचा ग्रंथ आणि बुद्धिबळाचें यंत्र

अंकगणिताच्या पुस्तकाच्या अखेरीस उदाहरणांचीं उत्तरें छापलेलीं असतात, हें आपणां सर्वांस ठाऊक आहे. तीं उत्तरें म्हणजे विद्यार्थ्यांचें दैवत आणि शिक्षकांचा आधार. मी शिक्षकाचें काम करीत असतां एकदां असें झालें कीं, वर्गांतील एका मुलाचें उत्तर छापील उत्तराशीं जुळेना. मीं त्याची रीत न पाहतांच उदाहरणावर चुकीची फुली मारली. मुलगा भिडस्त होता. कांहीं बोलला नाहीं. दुसऱ्या दिवशीं तेंच उदाहरण मीं फळ्यावर सोडविण्यास घेतलें, तेव्हां मुलाचें उत्तर बरोबर असून पुस्तकांतलेंच चुकलें आहे, असें आढळून आलें. मला शरम वाटली. पण त्याहून अधिक विचार करण्याजोगी गोष्ट पुढेंच होती. वर्गांतील बाकीच्या मुलांच्या वह्या पुन्हां पाहिल्या, तों बहुतेकांनीं मध्येंच कोठें तरी एखादा आंकडा हळूच फिरवून छापील उत्तर गांठलें होतें!

ह्या प्रसंगाची आठवण आज सांगण्याचें कारण असें कीं, बुद्धिबळाच्या इतिहासांत हाच प्रकार फार मोठ्या प्रमाणावर घडून आला आहे. तेथें चुकीचें उत्तर छापणारा ग्रंथ १८५१ सालचा होता. ती चूक दाखविणारा मुलगा म्हणजे एक यंत्र होतें. आणि फळ्यावर उदाहरण सोडविलें जाण्यास १३२ वर्षें लागलीं. ग्रंथावर किती विश्वास टाकावा आणि यंत्रावर किती, हा प्रश्न ह्या कथेंत गुंतलेला आहे, आणि तो केवळ खेळापुरता नाहीं.

प्रथम ग्रंथांविषयीं थोडेंसें सांगतों. बुद्धिबळाचें मूळ आपल्या देशांत आहे, असें विद्वान् मानतात. आपल्याकडे हा खेळ बहुतकरून घरांतील वडील माणसांच्या शेजारीं बसूनच शिकला जाई; परंतु पुस्तकें अगदींच नव्हतीं असें नाहीं. १८१४ सालीं मुंबईस त्रिवेंगडाचार्य शास्त्री ह्या पंडितांचें बुद्धिबळावरील पुस्तक इंग्रजींत छापून निघालें. तें मूळ संस्कृतावरून उतरविलेलें असून त्यांत डावांतील निवडक पेंच यूरोपीय पद्धतीच्या खेळास अनुसरून मांडलेले आहेत. मुंबईंत छापखान्याचा व्यवसाय अद्याप बाल्यावस्थेंत असतां बुद्धिबळाच्या पुस्तकास तेथें स्थान मिळालें, ही गोष्ट आपल्या रसिकतेस भूषणावह आहे.

यूरोपांत बुद्धिबळाचीं पुस्तकें त्यापूर्वींपासून छापलीं जात होतीं. परंतु त्यांपैकीं पुष्कळांत केवळ खेळ्यांच्या याद्या असत. अमुक खेळी करावी एवढें सांगत, ती कां करावी हें सांगत नसत. ही उणीव भरून काढण्याचें श्रेय फ्रान्समधील फिलिदोर ह्यास दिलें जातें. हा गृहस्थ व्यवसायानें संगीतकार. वयाची पंचविशी गांठण्यापूर्वींच, १७४९ सालीं, त्यानें लंडन येथें आपला प्रसिद्ध ग्रंथ छापविला. त्यांत प्रत्येक महत्त्वाच्या खेळीखालीं कारण लिहिलेलें आहे. प्याद्यांस क्षुद्र समजूं नये, तींच ह्या खेळाचा प्राण होत, हें त्याचें सूत्र आजही शिकविलें जातें. तात्पर्य, फिलिदोरनें बुद्धिबळाच्या पुस्तकास उत्तरांच्या यादीपासून वर काढून रीत सांगणाऱ्या ग्रंथाच्या पदवीस चढविलें.

आतां १८५१ सालाकडे वळूं. त्या वर्षीं लंडन येथें क्लिंग आणि हॉर्विट्स ह्या दोघां जर्मन गृहस्थांचा ग्रंथ प्रसिद्ध झाला. हॉर्विट्स हा चित्रकार. दोघेही निष्णात खेळाडू. बहुतेक मोहरे मरून पटावर तीन-चार उरले म्हणजे डाव कसा जिंकावा किंवा कसा वांचवावा, हा त्यांच्या ग्रंथाचा विषय. त्यांत एक स्थिति अशी दिली आहे: पांढऱ्याजवळ राजा आणि दोन उंट, काळ्याजवळ राजा आणि एकच घोडा. दोन उंटांपुढें एकटा घोडा दुबळा, हें उघड आहे. परंतु ग्रंथकारांनीं असें दाखविलें कीं, पटाच्या कोपऱ्यालगत जें तिरकें घर असतें त्या घरावर घोडा बसवावा आणि राजानें त्याच्या शेजारीं उभें राहावें, म्हणजे तो एक लहानसा किल्लाच होतो. दोन उंटांनीं कितीही वेढा दिला तरी तो पडत नाहीं, आणि डाव बरोबरींत सुटतो.

हें विधान पुढें पिढ्यान् पिढ्या बहुतेक ग्रंथकारांनीं प्रमाण मानलें. मोठमोठे खेळाडू त्यावर विसंबून डाव बरोबरींत सोडीत. कोणी वेढा चालवून पाहिला नाहीं असें नव्हे. परंतु किल्ला पडला नाहीं म्हणजे ग्रंथ खरा ठरे, आणि पडला तर बचाव करणारा चुकला असें म्हटलें जाई. ग्रंथ चुकला असेल, ही शंका थोड्यांनाच आली. माझ्या वर्गांतील मुलांप्रमाणें सर्वांनीं आपापला आंकडा फिरवून छापील उत्तर गांठलें.

आतां यंत्राची हकीकत. यंत्रानें बुद्धिबळ खेळावें ही हौस जुनी आहे, आणि तिचा आरंभ लबाडीनें झालेला आहे. १७७० सालीं व्हिएन्नाच्या दरबारांत केंपेलेन नांवाच्या अधिकाऱ्यानें एक लांकडी पुतळा आणला. डोक्यास फेटा, तुर्की पोषाख, आणि पुढें पेटीवर मांडलेला पट. हा पुतळा स्वतःच्या हातानें मोहरे हलवून भल्याभल्यांस मात देई. १८०९ सालीं खुद्द नेपोलियन त्याशीं खेळला. ह्या पुतळ्याचें रहस्य उकलण्यासाठीं कित्येक पुस्तकें व निबंध लिहिले गेले. एडगर ॲलन पो ह्यानेंही १८३६ सालीं एक निबंध लिहिला. रहस्य इतकेंच कीं, पेटींत एक कसलेला खेळाडू दडून बसलेला असे! अखेर १८५४ सालीं फिलाडेल्फिया येथील आगींत हा पुतळा जळून गेला.

खरें यंत्र त्यानंतर पुष्कळ वर्षांनीं आलें. स्पेनमधील तोर्रेस केवेदो ह्या यंत्रशास्त्रज्ञानें १९१२ सालीं असें यंत्र बनविलें कीं, पांढऱ्याजवळ राजा आणि हत्ती व समोर एकटा राजा असेल तर तें आपल्या आपण खेळून मात करी. त्यास सर्वांत जवळची वाट नेहमींच सांपडत नसे, पण पेटींत माणूस मात्र नव्हता. पुढें विजेवर चालणारीं गणकयंत्रें, ज्यांस आपण आतां संगणक म्हणतों, तीं तयार झालीं. १९५० सालीं क्लॉड शॅनन ह्या अमेरिकन गणितज्ञानें संगणकास बुद्धिबळ कसें शिकवावें ह्यावर एक मूलगामी लेख प्रसिद्ध केला. त्यांत त्यानें असा हिशेब मांडला कीं, बुद्धिबळाचे संभाव्य डाव १ ह्या आंकड्यावर १२० शून्यें दिल्यानें होणाऱ्या संख्येइतके आहेत. अर्थात् आरंभापासून अखेरपर्यंत सर्व डाव तपासून पाहणें कोणत्याही यंत्रास शक्य नाहीं.

परंतु आरंभापासून जें शक्य नाहीं तें अखेरीपासून शक्य असूं शकतें. भास्कराचार्यांच्या लीलावतींत व्यस्तविधि सांगितलेला आहे: उत्तर ठाऊक असलें म्हणजे उलट क्रमानें गणित करीत मूळ राशीस पोंचावें. बुद्धिबळाच्या बाबतींत नेमकें हेंच केलें गेलें. पटावर तीन-चार मोहरेच उरले असतील तर ते कोणकोणत्या घरांवर असूं शकतील त्या सर्व स्थितींची यादी करतां येते. त्यांपैकीं ज्या स्थितींत मात झालेलीच आहे, त्या प्रथम वेगळ्या काढावयाच्या. मग एका खेळींत जेथून मात होते त्या स्थिति, मग दोन खेळ्यांत, मग तीन, असें उलट मागें मागें जावयाचें. शेवटीं प्रत्येक स्थितीपुढें उत्तर लिहिलें जातें: इतक्या खेळ्यांत जीत, किंवा बरोबरी. ह्यांत तर्क नाहीं, अंदाज नाहीं, मत नाहीं, मोजदाद आहे. अमेरिकेंतील बेल प्रयोगशाळेंत काम करणारा केन टॉम्प्सन ह्यानें अशा कोष्टकांचें काम मोठ्या चिकाटीनें केलें.

त्याचें एक कोष्टक वजिराविरुद्ध हत्तीचें होतें. वजीर जिंकतो असें ग्रंथ सांगत, आणि तें खरेंच आहे. १९७० च्या दशकाच्या अखेरीस वॉल्टर ब्राउन ह्या अमेरिकेच्या विजेत्यानें पैज मारली कीं, यंत्रानें हत्ती घेऊन कितीही बचाव केला तरी आपण पन्नास खेळ्यांच्या आंत जिंकूं. पन्नासांची मर्यादा अशासाठीं कीं, तितक्या खेळ्यांत एकही मोहरा मेला नाहीं वा प्यादें हललें नाहीं, तर डाव बरोबरींत धरण्याचा नियम आहे. मांडलेली स्थिति अशी होती कीं, अचूक खेळल्यास एकतीस खेळ्या पुरत. ब्राउनला पन्नासांतही जिंकतां आलें नाहीं! ग्रंथ सांगत कीं, हत्तीनें आपल्या राजाजवळ राहावें. यंत्रानें हत्ती खुशाल दूर नेऊन ठेवला, आणि ग्रंथांतून शिकलेल्या त्या विजेत्यास पुढची वाट दिसेना.

ह्यापुढची गोष्ट मला अधिक महत्त्वाची वाटते. ब्राउन रुसून बसला नाहीं. त्यानें कांहीं आठवडे त्या स्थितींचा कसून अभ्यास केला आणि पुन्हां पैज लावली. ह्या वेळीं त्यानें यंत्राचा हत्ती मारला तो बरोबर पन्नासाव्या खेळीस. यंत्रापाशीं उत्तर तयार होतें. माणसास तें कमवावें लागलें. पण कमवितां आलें, हें ध्यानांत ठेवण्यासारखें आहे.

मग १९८३ साल उजाडलें आणि टॉम्प्सनच्या कोष्टकांत दोन उंट व एक घोडा ह्यांची पाळी आली. यंत्रानें निर्णय दिला: क्वचित् अपवाद सोडल्यास दोन उंट जिंकतात. क्लिंग व हॉर्विट्स ह्यांचा किल्ला अभेद्य नाहीं. उंट त्या घोड्यास आपल्या घरांतून हुसकावून लावतात. तो दुसऱ्या कोपऱ्यांत तसाच किल्ला बांधूं शकतो, पण तोही टिकत नाहीं. बचाव उत्तमांत उत्तम असला तरी जास्तींत जास्त ६६ खेळ्यांत घोडा पडतो किंवा मात होते. १३२ वर्षें छापून येत असलेलें उत्तर चुकलेलें होतें. ह्या शोधाचा परिणाम नियमांवरही झाला. जागतिक बुद्धिबळ संघटनेनें अशा कांहीं स्थितींसाठीं पन्नास खेळ्यांची मर्यादा वाढविली. परंतु ती व्यवस्था गैरसोयीची वाटल्यावरून १९९२ सालीं सर्वत्र पन्नासांचा जुना नियम पुन्हां लागू केला.

येथवर ऐकून श्रोत्यांस वाटेल कीं, ग्रंथ हरला आणि यंत्र जिंकलें. आतां ग्रंथाच्या जागीं यंत्रास बसवावें म्हणजे झालें. तसें वाटत असल्यास न्यूयॉर्क येथें १९९७ सालच्या मे महिन्यांत काय घडलें तें पाहावें. जगज्जेता गॅरी कास्पारोव्ह आणि आय.बी.एम. कंपनीचें ‘डीप ब्लू’ हें यंत्र ह्यांचा सहा डावांचा सामना होता. हें यंत्र एका सेकंदास सुमारें वीस कोटि स्थिति तपाशी. दुसऱ्या डावांत कास्पारोव्ह संकटांत सांपडला. आपणांस सुटकेची वाट दिसत नाहीं, आणि एवढ्या यंत्रानें ती मोकळी ठेवली असेल हें संभवत नाहीं, अशा समजुतीनें त्यानें डाव सोडला. दुसऱ्या दिवशीं त्यास कळलें कीं, वाट होती! वजिरानें एकामागून एक शह देत राहिलें असतें तर डाव बरोबरींत सुटण्याजोगा होता. पुढें विश्लेषकांनीं ती स्थिति तपासली, आणि यंत्राच्याच हातून चूक झाली होती असें दाखविलें. पूर्वीच्या खेळाडूंनीं जसा छापील ग्रंथावर विश्वास टाकला, तसाच हा जगज्जेत्यानें यंत्रावर टाकलेला विश्वास. आणि दोहोंचें फळ एकच.

त्याच सामन्याच्या सहाव्या डावांत आणखी एक गंमत झाली. यंत्रानें आठव्या खेळीस घोड्याचा बळी दिला आणि कास्पारोव्हचा डाव एकोणीस खेळ्यांत आटोपला. यंत्राची ती धाडसी खेळी पाहून जग थक्क झालें. पण ती यंत्रानें गणित करून शोधलेली नव्हती. यंत्राच्या स्मरणांत माणसांनीं आरंभींच्या खेळ्यांचें जें एक पुस्तक भरून ठेवलें होतें, त्यांत ती लिहिलेली होती! सामना यंत्रानें साडेतीन विरुद्ध अडीच गुणांनीं जिंकला; निर्णायक घाव मात्र ग्रंथांतला होता. ह्या सामन्यावर दोन्ही बाजूंनीं पुस्तकें लिहिलीं गेलीं. यंत्राचा एक प्रमुख निर्माता फेंग-श्युंग श्यू ह्याचें २००२ सालीं निघालें, आणि कास्पारोव्हचें २०१७ सालीं. दोन्ही एकापाठोपाठ एक वाचावींत, म्हणजे एकाच पटाच्या दोन बाजू कशा दिसतात तें कळतें.

पराभव आणि प्रतिष्ठा ह्यांविषयीं बोलतांना दुसऱ्या एका खेळाचा उल्लेख केल्यावांचून राहवत नाहीं. चेकर्स म्हणून बुद्धिबळाच्याच पटावर सोंगट्यांनीं खेळावयाचा खेळ आहे. त्यांत मॅरियन टिन्स्ली नांवाचा गणिताचा प्राध्यापक अनेक वर्षें अजिंक्य होता. चार दशकांत तो हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच डाव हरला असेल. कॅनडांतील जोनाथन शेफर ह्यानें ‘चिनूक’ नांवाचें संगणकीय खेळाडू तयार करून १९९२ सालीं लंडन येथें त्याशीं सामना केला. टिन्स्लीनें चार डाव जिंकले, दोन हरला, आणि तेहेतीस बरोबरींत सुटले. १९९४ सालीं बॉस्टन येथें पुन्हां गांठ पडली. सहा डाव बरोबरींत सुटल्यावर टिन्स्लीची प्रकृति बिघडली आणि त्यास सामना सोडावा लागला. पुढच्या वर्षीं तो कर्करोगानें वारला. शेफरनें १९९७ सालीं ह्या साऱ्याची हकीकत पुस्तकरूपानें लिहिली; प्रतिस्पर्ध्याविषयीं इतक्या आदरानें लिहिलेलीं पुस्तकें थोडीं असतील. पण त्याचें मन शांत झालें नसावें. त्यानें मोजदाद चालूच ठेविली, आणि २००७ सालीं सिद्ध केलें कीं, दोन्ही बाजू अचूक खेळल्या तर हा खेळ बरोबरींतच सुटतो. म्हणजे यंत्रानें अठरा वर्षांच्या खटाटोपानंतर जें सिद्ध केलें, तें लंडनच्या त्या तेहेतीस डावांनीं आधींच सुचविलें होतें.

आतां शेवटचा मुद्दा. यंत्राचीं कोष्टकें वाढत चालली आहेत. २०१२ सालीं मॉस्को विद्यापीठाच्या महासंगणकावर सात मोहऱ्यांपर्यंतच्या सर्व स्थितींचीं कोष्टकें पुरीं झालीं. त्यांत अशीही एक स्थिति सांपडली कीं, तेथून मात होण्यास साडेपांचशेंच्या घरांत खेळ्या लागतात. त्या खेळ्या छापल्या आहेत. कोणासही पाहतां येतात. परंतु त्यांतील बहुतेक खेळ्या कां केल्या हें थोर खेळाडूंसही सांगतां येत नाहीं. येथें आपण पुन्हां फिलिदोरच्या पूर्वकाळीं येऊन पोंचतों. उत्तर आहे, रीत नाहीं.

ही उणीव पुन्हां माणसांनींच भरून काढण्यास आरंभ केला. जॉन नन हा इंग्लंडमधील अव्वल दर्जाचा खेळाडू आणि गणितांतला पदवीधर पंडित. त्यानें टॉम्प्सनचीं कोष्टकें समोर ठेवून, त्यांतील खेळ्यांमागें माणसास उमजेल असा हेतु कोणता हें शोधलें, आणि १९९२ ते १९९५ ह्या काळांत तीन ग्रंथ लिहिले. त्यांपैकीं एकांत प्यादीं नसलेल्या डावांच्या अखेरीचें विवेचन आहे. दोन उंटांपुढें घोड्याचा किल्ला कसा पडतो, हें ज्यास समजून घ्यावयाचें असेल त्यास आतां केवळ खेळ्या नव्हे, वाटाड्याही मिळतो. पुढें २०१७ सालीं ‘अल्फाझीरो’ नांवाचा संगणकीय खेळाडू निघाला. त्यास माणसांचा एकही डाव शिकविलेला नव्हता. केवळ नियम सांगितले होते. स्वतःशींच असंख्य डाव खेळून कांहीं तासांत तो इतका प्रवीण झाला कीं, तोंवरच्या एका अत्यंत बलाढ्य यंत्राशीं शंभर डाव खेळून त्यानें अठ्ठावीस जिंकले, बहात्तर बरोबरींत सोडविले, आणि एकही गमावला नाहीं. ग्रंथांवांचून शिकलेला हा थोर खेळाडू. आणि दोन वर्षांच्या आंत त्याच्यावरही ग्रंथ निघाला! मॅथ्यू सॅडलर आणि नटाशा रीगन ह्या दोघांनीं त्याचे डाव अभ्यासून, तो असें कां खेळत असावा, हें वाचकांस उलगडून दाखविलें.

श्रोतेहो, आज आपल्या घरोघरीं मुलें संगणकाशीं बुद्धिबळ खेळतात. कोणतीही स्थिति घातली कीं यंत्र क्षणांत सर्वोत्तम खेळी दाखवितें. यांत वाईट कांहीं नाहीं. उलट, एका खोट्या किल्ल्यावर जगानें १३२ वर्षें विश्वास टाकला, तसा तो आतां टाकावा लागणार नाहीं. मात्र मुलानें यंत्राची खेळी पाहिली म्हणजे त्याच्या शेजारीं बसून एकच प्रश्न विचारीत जावा: ही खेळी कां? त्यास सांगतां आलें नाहीं तर पट मोडूं नये. दोघांनीं मिळून शोधावें. सांपडलें नाहीं तर एखादें चांगलें पुस्तक काढावें. आणि मुलाचें उत्तर यंत्राहून वेगळें आलें, तर फुली मारण्यापूर्वीं त्याची रीत अवश्य पाहावी. बहुधा यंत्रच बरोबर निघेल. पण त्यामुळें रीत पाहण्याचें आपलें काम टळत नाहीं.

मीं ज्या मुलाच्या वहीवर फुली मारली होती, त्याची मीं दुसऱ्या दिवशीं वर्गासमोर माफी मागितली, आणि ती फुली खोडून टाकली. बाकीच्या मुलांस ओरडलों नाहीं, कारण छापलेल्या उत्तरापुढें मान तुकविण्याचा धडा त्यांनीं माझ्याच वर्गांत गिरविला होता. त्या दिवसापासून मात्र मीं एक नियम पाळला: उत्तर जुळो वा न जुळो, आधीं रीत वाचावयाची. आपल्या घरांतील पटाभोंवतींही तो नियम पाळला जावा, एवढी विनंति करून मी आपली रजा घेतों.